आईचा जर्मन

लेनिनग्राद,
१९ फेब्रुवारी १९७४

प्रिय क्लावाताई,

तुझं पत्र आणि वाळवलेल्या अळंब्यांची पिशवी, दोन्ही पोचलं. मी ठीक आहे. खोकला आहे, पण तो आता घरचाच झालाय. नदी अजून गोठलेली आहे. भाऊजींची पाठ कशी आहे? न्हाणीतून निघून ओल्या अंगाने लाकडं फोडायला जाऊ नका म्हणावं त्यांना.

काम चालू आहे. पुन्हा जर्मन अधिकारीच. या वेळी मेजर, म्हणजे बढती मिळाली म्हण. वखारीत ओंडके कापणाऱ्या पोराला सर्कशीने उचललं, झुल्यावरून पडून पाय मोडला तेव्हा सिनेमाने उचललं, आणि या लांबट थोबाडापायी वीस वर्षं मी कॅमेऱ्यापुढे आपलीच गावं जाळतोय. आई त्यातलं एकदाही काही बघायला गेली नाही. बाबा ज्यांच्या गोळीने गेले, त्यांचा गणवेश पोराच्या अंगावर कसा बघवणार? सुट्टीत आलो की दारातच म्हणायची, "आला माझा जर्मन. बूट बाहेर काढ." हसायची, पण माझ्या गालाला हात लावण्याआधी जरा थबकायची. तुला ते कधी दिसलं नसेल.

तू लिहितेस, आई गेल्याच्या चाळिसाव्या दिवशी गावच्या क्लबात मी केलेला सिनेमा दाखवायचाय. क्लबात मशीन चालवणाऱ्या येफिमने पडदा धुऊन ठेवलाय, पलीकडच्या गावची माणसंही येणार आहेत. आई शेवटपर्यंत त्याला विचारत होती म्हणे, माझ्या पोराच्या फिल्मचे डबे आले का रे.

ताई, डबे येणार नाहीत. एवढं एक वाक्य लिहायला मला आधी अळंब्या, खोकला आणि भाऊजींची पाठ लागली.

चाळिशी उलटल्यावर मी दिग्दर्शन शिकायला बसलो तेव्हा सगळे हसले होते, घोडं म्हातारपणी नाचायला निघालं म्हणून. हसू देत. मला एकच सिनेमा करायचा होता, आईला बघता येईल असा. त्यात ती विहिरीवरून बादल्या घेऊन येते, खाली ठेवते, डोक्याच्या रुमालाच्या टोकाने तोंड पुसते आणि सरळ आपल्याकडे बघते. बास, तेवढंच.

सिनेमे पास करणाऱ्या समितीतले साहेब म्हणाले, "म्हातारी फार थकलेली दिसते. आपल्याकडे अशा म्हाताऱ्या नसतात. दुसरी घ्या, जरा हसरी."

आई बदलून मिळत नाही, असं मी म्हणालो. सगळ्यांदेखत, मोठ्या रुबाबात. वाटलं, फार तर कपाटात कोंडतील, दिवस पालटतील. त्यांनी सिनेमा धुऊन टाकला. फिल्मवर चांदी असते ना, ती काढून घेतात. मागे कोरी पट्टी उरते. ऑक्टोबरातच धुतला. आणि मी मात्र आईला दर पत्रात "पुढच्या महिन्यात नक्की" लिहीत राहिलो.

तिचा हलताचालता चेहरा जगात तेवढाच होता गं. त्या हसऱ्या बाईला घेतलं असतं तर सिनेमा वाचला असता, पण मग आईला दाखवणार काय होतो? रोज यावर डोकं फोडतो आणि रोज तिथेच येऊन थांबतो.

काल एक वेडेपणा केला. म्हटलं, सिनेमा नाही तर क्लबात मीच उभा राहीन. फिल्म जोडताना तिची चाल इतक्यांदा पाहिलीय की डावा खांदा कसा झुकतो ते मला पाठ आहे. दोन बादल्या भरल्या, डोक्याला रुमाल बांधला, आरशापुढे आलो. खांदा झुकला, पाऊलही तिचंच पडलं. तोंड पुसून वर बघितलं, तर आरशात मेजर. या चेहऱ्याला आता दुसरं काही येतच नाही. मी तिथेच बसून रडलो. पाणी सांडलं, खालच्या मजल्यावरची बाई भांडायला आली.

येफिमला सांग, पडदा गुंडाळून ठेव. का, ते मी येऊन सगळ्यांना माझ्या तोंडाने सांगेन. थडग्यावर मध घातलेला भात ठेवाल तेव्हा मला मागे उभं राहू दे. आणि दारात मला कुणीतरी बूट बाहेर काढायला सांगा. तू सांगितलंस तरी चालेल.

तुझा धाकटा भाऊ,
आईचा जर्मन,
रोद्या