माझ्या दुसऱ्या मरणाची व्यवस्था

मी, रुपराव गणपतराव भोयर, वय शहात्तर, धंदा कूलर-पंपांच्या जळालेल्या मोटारी नव्या तारेने भरणे, राहणार नंदनवन, नागपूर, पूर्ण शुद्धीवर असताना व कोणी हात न धरता हे मृत्युपत्र लिहीत आहे. माझे आधीचे मृत्युपत्र मला रद्द करता येत नाही. गेल्या मे महिन्यात मी वारलो तेव्हा त्याप्रमाणे वाटप होऊन गेले.

खुलासा करणे भाग आहे. मी सोमवारी सकाळी अकराला गेलो. मुलगी कामिनी पुण्याहून दुसऱ्या दिवशी पोचणार होती आणि पारा शेहेचाळीसवर होता. तोवर देह टिकावा म्हणून मुलगा जितेंद्र याने मोठा कूलर माझ्याकडे तोंड करून लावला. त्याची मोटार मी शुक्रवारीच भरून ठेवली होती. मंगळवारी कामिनी दारातूनच हंबरडा फोडत आली, तेव्हा मी उठून बसलो होतो व चहा मागत होतो. माझ्या लेखी तो शनिवार होता.

चूक माझ्या हाताची, पण मूळ जुने आहे. तारेचे वेढे मी आकड्यांनी मोजत नाही, कवितेने मोजतो. एका ओळीला चार वेढे. चौथीच्या पुस्तकातली बगळ्याची कविता या कामाला फार उत्तम. ‘तळ्याकाठी बगळा उभा, पाण्यामध्ये त्याची सभा’ असा तिचा ठेका. मी अडतो तो तिसऱ्या कडव्याला. मौद्याच्या शाळेत साहेब तपासणीला आले असताना मागच्या बाकावरून माझा वर्गमित्र चंद्रभान याने मला मुद्दाम शेवटची ओळ आधी सांगितली. तेव्हापासून ते कडवे माझ्या तोंडून खालून वर येते. त्या शुक्रवारी हातही तसाच फिरला. पंखा सरळ फिरतो, हवा गार येते, पण ती थेट ज्याच्या अंगावर लागेल त्याचा काळ मागे जातो. दुपारच्या झोपेत एक दिवस, रात्रभरात तीन.

कलम १. घर जितेंद्रचे झालेले आहे, स्कूटर जावयाची. परत मागून पाहिले. जितेंद्र म्हणाला, “बाबा, तुमी वारले होते ना? कागद हाय आपल्यापाशी.” कागद माझ्याच अक्षरातला निघाला. सबब मी मुलाच्या घरी राहतो व माझे घर मला आवडते.

कलम २. माझी हत्यारे चंद्रभान झाडे याला आधीच मिळाली आहेत. या कागदाने त्याला काहीही मिळत नाही, म्हणून तो साक्षीदार होऊ शकतो. मागच्या महिन्यात तो केस कापून आला आणि दुपारी माझ्या कूलरसमोर झोपला. उठला तो डोक्यावर जंगल घेऊन, आणि तडक न्हाव्याकडे जाऊन भांडला, “काहून गा, तीन दिवस उद्या ये म्हनून राहिला, कापत काहून नाही?” त्याला खरेच आठवत नव्हते. त्याच्या या फजितीने माझे समाधान झाले आहे, तथापि तिसऱ्या कडव्याची माफी त्याला देत नाही.

कलम ३. सून काजल हिने कूलरसमोर नुकत्याच घातलेल्या लोणच्याची बरणी ठेवून त्याच्या पुन्हा कैऱ्या केल्या व त्या आपल्या आईला पाठवल्या. त्या कैऱ्यांवर माझा हक्क नाही. मीठ-मोहरी मात्र कुठे गेली, हे कळले असते तर बरे झाले असते.

कलम ४. आता मुख्य. घरच्यांचे ठरले आहे की मी पुन्हा गेलो की पुन्हा कूलर लावायचा. जितेंद्र म्हणतो, “टेन्शन नका घेऊ बाबा, एका रात्रीचं काम हाय.” पण मागे गेलेल्या माणसाचे तीन दिवस पुसले जातात. त्या पुसलेल्या रविवारी मी माझी पत्नी कुसुम हिला सक्करदऱ्याच्या तलावावर घेऊन गेलो होतो म्हणे, आणि एक्कावन्न वर्षांत जे बोललो नाही ते तिथे बोललो म्हणे. मी विचारले, काय बोललो? तर म्हणाली, “बोलले ते बोलले. तुमच्या ध्यानात नाही तं मी कायले सांगू?” आणि पदर तोंडाला लावून हसत आत गेली.

ज्या बोलण्यावर ती हसली, ते मलाच ठाऊक नाही. पुन्हा बोलेन, पुन्हा मरेन, हे लोक पुन्हा मला शनिवारी आणून ठेवतील. म्हणून माझी इच्छा अशी, की यापुढे मी गेलो की मला जाऊ द्यावे. कामिनीला उशीर झाल्यास बर्फ आणावा.

कलम ५. (कुसुमने वरील मजकूर वाचल्यानंतर मी हे कलम वाढवले आहे.) ती म्हणाली, “मी लावीन कूलर. तुमच्या कागदाले भेत नाही मी.” कागदाचा उपयोग होणार नाही हे दिसल्यावर मी त्या कूलरची मोटार अंगणात आणून उघडली व तार उलगडायला घेतली. ती पायरीवर येऊन बसली.

“काहून जी तोडून राहिले? जायची एवढी घाई हाय का?”

“जायची नाही. बोलायची हाय.”

सगळी तार निघाल्यावर मी बोललो. जे बोललो ते या मृत्युपत्राचा भाग नाही. कुसुमने तार गुंडाळता गुंडाळता ऐकून घेतले.

“मे महिन्यातलं जास्त चांगलं होतं,” ती म्हणाली.

त्याला आता इलाज नाही. आज बोललेले कायम समजावे.

ठिकाण : नंदनवन, नागपूर
दिनांक : ३० ऑगस्ट २०२५

लिहून ठेवणार : रुपराव गणपतराव भोयर (सही)

साक्षीदार :
१. चंद्रभान झाडे (सही; कलम २ मान्य नाही)
२. डॉ. नंदिनी ठवकर (सही, मे महिन्यातला मृत्यूचा दाखला यांनीच दिला होता व तो बरोबर होता असे त्यांचे आजही म्हणणे आहे)