टोबी बुडालेला नाही

मी, नेव्हिल ओल्ड्रॉइड, वय वर्षे त्र्याहत्तर, निवृत्त प्लंबर, राहणार हेब्डन ब्रिज, यॉर्कशायर, डोके ठिकाणावर आणि पोट भरलेले असताना, कोणाच्याही दडपणाशिवाय, माझ्यामागे कोणाला काय द्यावे ते लिहून ठेवतो. यापूर्वीचे मृत्युपत्र रद्द समजावे.

माझे राहते घर सामानासुमानासह श्रीमती प्रूडन्स हॅलम यांना द्यावे. याचे कारण नोंदवणे जरूर आहे. लहानपणी सहा वर्षे मी टेलिव्हिजनवरच्या मुलांच्या मालिकेत दीपगृहवाल्याचा मुलगा टोबी होतो आणि प्रू त्या मालिकेतली माझी थोरली बहीण. प्रक्षेपण थेट असे. चूक झाली की सारा देश पाही. तेराव्या वर्षी, एका रविवारी, "बोट आली!" म्हणताना माझा आवाज आधी चिरकला आणि मग रेड्यासारखा घोगरा झाला. कॅमेरावालासुद्धा हसला. "याला सर्दी झालीय," म्हणून प्रूने वेळ मारून नेली.

दिग्दर्शक श्री. रूपर्ट व्हेनिंग हसले नाहीत. "पोरा, पुढच्या रविवारी तू बुडणार," एवढेच म्हणाले.

त्या रविवारी मी घरी आईशेजारी बसून पाहत होतो. किनाऱ्यावर माझी टोपी छातीशी धरून प्रूने रडायचे, असे ठरले होते. तिने टोपी उचलली, कॅमेऱ्याकडे पाहिले आणि ठणकावून सांगितले, "टोबी बुडालेला नाही. तो ऑस्ट्रेलियात मामाकडे गेलाय. मेंढ्या राखतो. मजेत आहे."

आई ओरडली, "अगं बाई! पोरीचं काम जाणार आता!"

गेलेच. "कशाला केलंस गं?" मी विचारले, तर म्हणाली, "मला रडूच येईना. तू तर आठवडाभर गावात चिप्स खात हिंडत होतास!"

माझी हत्यारे प्रूची मुलगी हेस्टर हिला. वीस वर्षे आम्ही दोघांनी लोकांचे बॉयलर दुरुस्त केले, म्हणजे लोक "अय्या, टोबी!" म्हणून मला केक खाऊ घालीत आणि दुरुस्ती ती करी. मोठा पाना तिने नवऱ्याच्या हाती देऊ नये.

बँकेतली शिल्लक गावच्या नाट्यगृहातील मुलांच्या वर्गास. अट एकच: आवाज फुटला म्हणून कोणत्याही मुलाला नाटकातून काढू नये, नाटक बदलावे.

श्री. व्हेनिंग स्कारबरोला आहेत, वय त्र्याण्णव. त्यांना घशाच्या औषधाची एक बाटली, माझ्या शुभेच्छांसह. राग उरलेला नाही. बाटली मात्र पोचवावीच.

वकीलबाई म्हणाल्या, "पुढे लग्न केलंत तर हे मृत्युपत्र बाद होईल. बेत असेल तर आत्ताच लिहा." म्हणून लिहितो की, सदर मृत्युपत्र उपरोक्त प्रूडन्स हॅलम यांच्याशी ठरलेला विवाह लक्षात घेऊन केले असून त्या विवाहाने ते रद्द होऊ नये. तिचे यजमान जाऊन नऊ वर्षे झाली. गुरुवारी तिच्या स्वयंपाकघरात मी विचारले. ती म्हणाली, "साठ वर्षं लागली होय रे तुला? हो म्हणते. आता तो चहा पी, निवतोय."

सही: नेव्हिल ओल्ड्रॉइड

आम्हा दोघांसमक्ष सही झाली:
एल्स्पेथ क्रॅबट्री, शेजारीण
बॅसिल स्टॅन्सफील्ड, मासे-चिप्सवाले
(लग्नालाही साक्षीदार आम्हीच.)

हेब्डन ब्रिज, ४ मे २०१९