फुटपाथखालचे मोड

व्हिक्टोरिया, मंगळवार

प्रिय दादा,

"एकदा तिकीट काढून चारचौघांसारखी ये आणि मग बोल. घरात बसून नाकं मुरडायला काय जातंय?" असं तू म्हणाला होतास. म्हणून शनिवारी तुझ्या कंपनीच्या दुपारच्या पर्यटक-फेरीला आले. तू तेव्हा बंदरावर होतास, जहाजातून उतरणारी माणसं गोळा करत, त्यामुळे आपली गाठ पडली नाही. तुझ्या नव्या गाइडनं, ब्रेंडननं, मला याआधी पाहिलेलं नाही. फोनवर तू नेहमी माझं वाक्य अर्ध्यावर तोडतोस, म्हणून हे लिहून पाठवते आहे. इमारत ज्याची आहे त्या आपल्या आडनावाच्या मंडळाची सभा रविवारी आहे. आपल्या आजीची, येनयेनची, खोली तुझ्या कंपनीला द्यायची आणि येनयेनला तुझ्या लँगफर्डच्या घरी न्यायचं, असा तुझा अर्ज तिथे येणार आहे. त्याआधी हे पत्र तुझ्या हातात पडायला हवं.

आधी चांगलं ते सांगते, कारण तेही खरं आहे. आठच माणसं घ्यायची, हा तुझा नियम उत्तम. ब्रेंडन उलटा चालत बोलतो आणि कुठे धडकत नाही. प्रत्येकाचं नाव लक्षात ठेवतो. तू त्याला घालायला दिलेला रेशमी डगला खांद्यांत तोकडा आहे, पण ती त्याची चूक नाही. सुरुवातीला त्यानं प्रत्येकाला गाव विचारलं. सास्काटूनचं एक म्हातारं शेतकरी जोडपं, कॅल्गरीच्या दोघी बहिणी, ओहायोचे एक वडील आणि त्यांची कंटाळलेली मुलगी, एक डच मुलगा. माझी पाळी आल्यावर मी म्हटलं, "इथलीच." तो म्हणाला, "ते झालं हो, पण मूळच्या कुठल्या?" मी म्हटलं, "या रस्त्याच्या त्या टोकाच्या." सगळे हसले. मी विनोद केला नव्हता.

चिनी वस्तीच्या कमानीपासून गल्लीपर्यंत ब्रेंडनच्या चुका किरकोळ होत्या. औषधी मुळ्यांच्या दुकानाबाहेर लाउकाका नेहमीसारखे खुर्ची टाकून बसले होते. मला त्या घोळक्यात बघून ते आपल्या भाषेत ओरडले, "काय गं, आपल्याच गावात पाहुणी? तेसुद्धा तिकीट काढून?" मी मान हलवली. "मग मलाही घे की. चाळीस वर्षं या दुकानात बसतोय, आत काय रहस्य आहे ते मला अजून कुणी सांगितलं नाही." ब्रेंडननं लगेच सगळ्यांना समजावलं की हे वृद्ध गृहस्थ आपलं पारंपरिक स्वागत करत आहेत.

मग आपली इमारत आली.

दादा, त्या फुटपाथमधल्या जांभळ्या काचांचं ब्रेंडन काय सांगतो ते तुला माहीत आहे, कारण ते तूच लिहून दिलं आहेस. खाली भुयारांचं जाळं होतं, तिथे अफूचे अड्डे होते आणि त्या धुरानं काचा जांभळ्या झाल्या. खरं एवढंच, की दुकानांची तळघरं फुटपाथखालपर्यंत नेत, माल ठेवायला. उजेडासाठी वर काचा बसवत. काच स्वच्छ दिसावी म्हणून त्या काळी तिच्यात मँगनीज घालत, आणि वर्षानुवर्षांच्या उन्हानं ते जांभळं होतं. त्यात धुराचा काही संबंध नाही. अशा पोकळ्या तपासणं हेच माझं काम आहे, शहरातल्या बहुतेक पोकळ्यांत मी उतरले आहे. या काचांखालच्या येनयेनच्या खोलीच्या चारही भिंती मी ठोकून पाहिल्या, रडार फिरवून पाहिलं. त्यांतल्या एकाही भिंतीमागून वाट कुठे जात नाही.

हे तुला मी सांगायला नको. त्याच काचांखाली तांदळाच्या पोत्यांवर आपण उताणे पडायचो आणि वरून जाणाऱ्या तळव्यांवरून माणसं ओळखायचो. तू प्रत्येक बुटाला एक गोष्ट द्यायचास. पाय ओढत जाणारा तो बुडालेल्या जहाजाचा कप्तान, टाचा वाजवत पळणारी ती मांडवातून पळालेली नवरी. मी म्हणायचे, ती बँकेतली बाई आहे, तिची बस चुकतेय. येनयेन पिंपांतल्या मुगावर पाणी शिंपडता शिंपडता म्हणायची, "एकाला जीभ दिली, एकीला डोळे. दोघांना एकत्र मळलं तर एक धड माणूस होईल." तुझ्या गोष्टी मला आवडायच्या. तेव्हा तू त्या खाली पडून सांगायचास, वर उभा राहून नव्हे.

"आता सगळ्यांनी मिळून पाय आपटा बघू," ब्रेंडन म्हणाला. सगळ्यांनी आपटले. कॅल्गरीच्या धाकट्या बहिणीनं तर उडी मारून आपटले. "ऐकलंत? पोकळ! आता अगदी गप्प राहा." सगळे गप्प झाले. आणि खालून तीन ठोके आले. ठक, ठक, ठक. ओहायोच्या मुलीनं पहिल्यांदाच फोनमधून मान वर काढली. ब्रेंडन कुजबुजला, "म्हणतात, एक अफूबाज भुयारात वाट चुकला तो अजून बाहेर येतोय." सगळे किंचाळले आणि पुन्हा आपटायला लागले.

मी म्हटलं, "ते भूत नाही. ती माझी आजी आहे. तिच्या छतावरून उतरा, एवढंच तिचं म्हणणं आहे."

ब्रेंडन हसला. "प्रत्येक फेरीत एक हुशार असतोच!" मी किल्ली काढली आणि जिन्याचं दार उघडलं. तो म्हणाला, "मॅडम, हे फेरीत नाही." मी म्हटलं, "माहीत आहे. तुम्ही वर थांबलात तरी चालेल." तो थांबला नाही. सगळेच उतरले.

येनयेन गमबूट घालून बुटक्या स्टुलावर बसली होती, चाळणीत मोडांची सालं काढत. फरशी पुसायचा बांबूचा दांडा शेजारी टेकवलेला. तिनं या सगळ्यांकडे बघितलं आणि म्हणाली, "एवढे? जेवलेत का?" मी सांगितलं, "येनयेन, हेच ते. पाय आपटणारे." मग तिनं त्यांचे चेहरे सोडून बूट बघायला सुरुवात केली, एकेक करून. कॅल्गरीच्या धाकटीपाशी थांबली. "ही. हिचाच पाय जड." मी भाषांतर केलं. बाई लाल झाली. शेतकरी आजोबा पिंपापाशी वाकले. त्यांच्याकडे मसूर पिकते. झाकणावर दगड कशाला, असं त्यांनी हातांनीच विचारलं, आणि येनयेननं हातांनीच सांगितलं की दाबून ठेवले की मोड जाड होतात. दोघांना माझी गरज पडली नाही.

तेवढ्यात काचांवर सावल्या आल्या. तुझ्या दुसऱ्या गाइडची फेरी. खालून शब्द कळत नाहीत, नुसता आवाजाचा चढ कळतो. मग पाय आपटले. दादा, वर उभं राहून तो आवाज गंमतीचा वाटतो. खाली तो छातीत बसतो. छताचा चुना पापुद्र्यांनी सुटला. येनयेन ठोकायला उठली नाही. आधी तिनं उघड्या पिंपावर कापड ओढलं आणि त्यावर दोन्ही हात पसरून ओणवी झाली. सवयीनं. ते बघून कॅल्गरीच्या बाईनं बांबू उचलला, छतावर हाणला आणि ओरडली, "बस करा! इथे माणसं आहेत!" वरचे पाय थांबले. मग आनंदाची आरोळी उठली, "भूत इंग्रजी बोलतंय!" आणि दुप्पट जोरानं पाय.

खाली कुणी हसलं नाही.

येनयेननं मला विचारलं, बाई काय म्हणाली. मी सांगितलं. मग विचारलं, वरचे काय म्हणाले. तेही सांगितलं. "म्हणजे माझं ठोकणं त्यांना ऐकू जातं?" मी हो म्हटलं. उन्हाळाभर तिला वाटत होतं की वर ऐकूच जात नाही. म्हणून ती दिवसेंदिवस जोर वाढवत होती. शेवटी तिनं तुझं नाव घेऊन विचारलं, "विंग-काइला हे माहीत आहे?" मी खोटं बोलत नाही हे ती जाणते. माझ्या उत्तराची वाट न बघता ती कापड झटकायला लागली.

जाताना ब्रेंडन जिन्यात थांबला. म्हणाला, "ठोका आला की भूत म्हणायचं, असं मालकांनी सांगितलं होतं. मला वाटलं, खाली नळ वाजतोय." त्याचं मला खरं वाटलं. तुझ्याबाबतीत मला ती सोय नाही.

तू दुष्ट नाहीस. येनयेन हिवाळ्यात जिन्यावर घसरली तेव्हा रात्रंदिवस तू तिच्या उशाशी होतास. खोलीत ओल आहे, तिचं वय झालं आहे, तुझ्या घरी अंगण आहे, हे सगळं बरोबर आहे. मी तिला सरळ विचारलं, लँगफर्डला जायचं का. ती म्हणाली, "तिथे मोड कोण घेणार माझ्याकडून? आणि डोक्यावरून जाणार कोण, कावळे?" जिन्याला मी दोन्ही बाजूंनी कठडा बसवला आहे. वरच्या पायरीवर दिवा लावला आहे. ओलीसाठी पंखा आणला आहे. अंगण तिनं कधी मागितलं नव्हतं.

तू मला इंजिनिअर म्हणून विचारलं होतंस की ती खोली माणसं न्यायला सुरक्षित आहे का. आत्या म्हणते, "लिहून दे, छत पडायला आलंय. एका ओळीत विषय संपेल. कोण तपासायला जातंय?" खरंच कुणी गेलं नसतं. पण छत भक्कम आहे. तुळया गंजलेल्या नाहीत; जो पडतो तो नुसता वरचा चुना. सभेत कुणी विचारलं तर मी हेच सांगेन. खोटं बोलून मी ती खोली वाचवली, तर फुटपाथखाली नसलेल्या गोष्टी सांगणारी आपल्या घरात दोन माणसं होतील. एक पुरे.

म्हणून रविवारी मी खोली मागणार आहे. माझ्या नावावर. आजोबांमागे ती बाबांची झाली, बाबांमागे तुझी. मंडळाची एकही खोली आजवर मुलीकडे गेलेली नाही. मी जुने नियम काढून वाचले. मुलीला देऊ नये असं कुठेही म्हटलेलं नाही, कुणी मागितलीच नव्हती एवढंच. थोरले कुरकुरतील, "हिला कुणी बोलावलं?" म्हणतील. मी उभीच राहीन. पण खोली तुझ्या नावावर आहे, म्हणजे पहिला शब्द तुझा, आणि तुझ्या एका 'नाही'नं माझी मागणी तिथेच संपेल. तो तुझा हक्क आहे, तो मी नाकारत नाही. फक्त एक लक्षात घे. सभा आपल्या भाषेत चालते, आणि येनयेनला मी पहिल्या रांगेत आणून बसवणार आहे. जे म्हणायचं ते तुला तिला कळेल अशा शब्दांत, तिच्यासमोर म्हणावं लागेल. हे तुला तिथे अचानक कळू नये, एवढ्यासाठीच हे पत्र. शब्द जुळवायला अजून चार दिवस आहेत.

तुझीच बहीण (यावर सभेत मतदान नाही),
लाइ-फोंग