लेखिकेच्या जागी

प्रिय गार्गी,

एकाच सिंगापुरात वुडलँड्सहून पासिर रिसला पत्र कोण पाठवतं, असं म्हणशील. पण कालपासून माझे मेसेज तू वाचते आहेस आणि गप्प बसते आहेस, म्हणून शेवटी कागद घेतला.

तुझ्या घरी नाट्यवाचन झालं त्या दिवसापासून मला किळस येते आहे. इथल्या मराठी मंडळाच्या गणेशोत्सवासाठी मी लिहिलेलं नाटक, मुलांकडे सिंगापूरला राहायला आलेल्या तीन आजोबांचं. तुमचे यंदाचे नवे अध्यक्ष शिरीष डोळे पुसत पुसत हसत होते. मग चहाच्या वेळी त्यांनी माझ्याकडे नीट पाहिलं आणि त्यांचा चेहरा पडला. मी काय ते समजले. अमेरिकेत नऊ वर्षं मी ज्या प्रौढांच्या फिल्म केल्या, त्यांत प्रणिता हे माझं खरं नाव कुठेच नाही. मला ओळखायचं तर चेहऱ्यावरूनच, आणि त्यासाठी त्या फिल्म बघायला लागतात. मी केल्या ती लाज, आणि ह्यांनी बघितल्या ते काय, समाजकार्य? दुसऱ्या दिवशी त्यांचा निरोप तुझ्याच तोंडून आला: "नाटक ठेवू, नाव काढू." आमचा कौटुंबिक कार्यक्रम आहे म्हणे.

तू मला त्या वर्षांबद्दल कधी विचारलं नाहीस, म्हणून मीही सांगितलं नाही. त्या धंद्याचीही किळस होतीच गं. गारठलेले स्टुडिओ, तेलाचा वास, माझ्याकडे न बघता माझ्याबद्दल बोलणारी माणसं. पण सगळ्यात जास्त लाज मला त्या संवादांची वाटायची, कुणीतरी पाच मिनिटांत खरडलेल्या. मेकअपला बसल्या बसल्या मी ते दुरुस्त करायला लागले. मग लोक माझ्याकडून अख्ख्या पटकथा मागू लागले, आणि मग मी स्वतःच निर्मिती केली. माझ्या सेटवर पहिला नियम असा, की कुणी नाही म्हटलं की कॅमेरा बंद, कारण विचारायचं नाही. त्या नियमाचा मला अजून अभिमान वाटतो. आता तांजोंग पगारच्या दोन खोल्यांच्या ऑफिसातून मी माहितीपट लिहिते, काढते, आणि ते सगळे खऱ्या नावाने. मराठीत मात्र हे पहिलंच. आईच्या भाषेत माझं नाव एकदा तरी छापून यावं, एवढीच हौस होती. शिरीषसारखी माणसं मी ढिगाने पाहिली आहेत, त्यांचं काही वाटून घेत नाही.

हेमचंद्र, तुमचा दिग्दर्शक, भोळा माणूस. मंडळाच्या पत्रिकेची मुद्रितं तीन वर्षं घरी बसून मीच तपासते, म्हणून सवयीने त्याने काल यंदाचीही पाठवली. त्यात छापलंय, लेखिका: गार्गी सबनीस. मी त्याला फोन केला. तो म्हणाला, समितीने लेखिकेची जागा रिकामी सोडायचं ठरवलं होतं, पण "प्रणिताचं नाव नको तर माझं घाला," असं गार्गीच म्हणाली. कॅमेऱ्यासमोर मी कपडे काढले ते स्वतःच्या हाताने, आधी कागदावर सही करून. तिथे कुणी मला न विचारता माझं काही काढून घेतलं नाही. ते तू केलंस, माझ्या सख्ख्या बहिणीने, आणि आज मला सगळ्यात जास्त किळस तुझी येते आहे. मराठी नाटकाच्या प्रयोगाला लेखकाची लेखी परवानगी लागते, हे हेमचंद्रला ठाऊक आहे. समितीला दाखवता यावं म्हणून हे कागदावर लिहिते आहे. माझी परवानगी नाही. कारण विचारायचं नाही.

तुझीच सख्खी बहीण,
प्रणिता आगटे
लेखिका