पांढरीचा चौथा थर

ताडकळस,
ता. १२ मार्च १९७४

दिनकरराव यांस,

मनकर्णाचा जयभीम. इकडे सगळे ठीक. ज्वारी निघाली, खळी चालू आहेत. माझ्या वर्गात एकेचाळीस लेकरं आहेत. बाबांची नजर आता पुरती गेली, उजेड-अंधार तेवढा कळतो. वहिनींना नमस्कार सांगा.

‘दादा’ लिहिलं नाही, ते मुद्दाम.

तुम्ही थरमोजणीचे तपासनीस झालात तेव्हा बाबांनी गल्लीभर गूळ वाटला होता. व्यंकटरावांचा भाचा आमच्या ओट्यावर बसून थर काढायला शिकतो, म्हणून तुम्हाला घरी लय बोलणी बसायची. तरी चार वर्षं आलात, आईच्या हातची भाकर खाल्लीत. बाबांनी पहिल्याच दिवशी सांगितलं होतं, “जागा कुठं हाय ते कुनीबी मोजतंय. आपुन ती कवा काय व्हती ते मोजायचं. एका काळाचा एक कागद. दोन घरचे दोन साक्षीदार आन् जमिनीतली एक वस्तू, एवढं असल्याबिगर रेघ वढायची न्हाई.” ते पातळ कागद एकावर एक ठेवून उजेडात धरले की एकाच वावरात वाट, विहीर, घरं, पीक सगळं दिसायचं. तुम्ही तासन् तास बघत बसायचात.

मग चौथा थर तुम्हाला दिसला कसा नाही?

गावाच्या पूर्वेची पांढरी, म्हणजे जुन्या वस्तीची जागा, आमच्या लोकांची. तिथं घरं होती. अठरा सालच्या मानमोडीच्या साथीत निम्मी माणसं मेली, उरलेली ओढ्याकाठी आली, आणि मोकळ्या पांढरीवर तुमच्या आजोबांनी, व्यंकटरावांच्या वडिलांनी, नांगर घातला. आता दर पावसाळ्यात ओढा झोपड्यांत शिरतो, म्हणून लोकांनी आपली जागा परत मागितली. कचेरीनं थरनकाशा मागवला. बाबांनी सांगितला, मी काढला. चौथ्या कागदावर तेवीस घरं होती, रेघांनी नाही, नुसत्या कच्च्या ठिपक्यांनी. लहानपणी तिथं राहिलेल्या बायनाबाईनं एकेक दार पायानं चालून दाखवलं होतं. दुसरा साक्षीदार आणि वस्तू मिळायची बाकी होती.

दिवाळीत तुम्ही आलात. ‘तपासून देतो’ म्हणून तो कागद नेलात आणि आठ दिवसांनी दुसराच आणलात. त्यावर घर नाही, चूल नाही. नुसतं शेत.

गेल्या बुधवारी चावडीवर निकाल वाचला. ‘सटवाजी यांच्या नकाशाप्रमाणे सदर जागी वस्ती नव्हती.’ बायनाबाई सत्तरीची. ती उठून बाबांपुढे आली.

“सटवाजी, माजी माय तितं मेली. माज्याच तोंडून लिवून घेतलंस ना तू?”

बाबा म्हणाले, “सही माजी हाय, बायना. चूक माजी.”

तेव्हापासून आमच्या दारात कुणी येत नाही.

ती सही बाबांची नव्हती. तुम्हाला माहीत आहे. आणि आता मला लिहिलंच पाहिजे. दोन वर्षं त्यांच्या सह्या मीच करते, म्हणून तुम्ही कागद माझ्यापुढे ठेवलात आणि त्याच्याशेजारी माझ्या शाळेतल्या नेमणुकीचा हुकूम. एवढंच म्हणालात, “दोन्ही आजच व्हायला पायजेत, मने.” मी चार वर्षं अर्ज करत होते. मी सही केली. हुकूम घडी घालून ठेवला आणि तुम्हाला चहा दिला. तो चहा दिला, याची मला सगळ्यात जास्त चीड येते.

बाबांना मी काही सांगितलं नव्हतं. निकाल ऐकूनच त्यांनी ओळखलं. घरी आल्यावर विचारलं, “दिनकर व्हता का?” मी हो म्हणाले. “म्हंजी दोगांलाबी म्याच शिकिवलं,” म्हणाले आणि भिंतीकडे तोंड करून बसले.

शनिवारी मी आश्रुबाकडे गेले. चाळीस वर्षं तुमच्या मामांचा सालगडी. वाटलं, हाकलून देईल. तो म्हणाला, “नांगराला जातं लागलं व्हतं, पोरी. मालक म्हनले, बुजव. म्या बुजिवलं. चल, जागा दावतो.” भर दुपारी, सगळ्यांदेखत त्यानं कुदळ मारली. व्यंकटराव बांधावर येऊन ओरडायला लागले, “कुनाला इचारून खांदायलास?” आश्रुबानं मान वर केली नाही, पण कुदळही थांबवली नाही. जात्याची खालची तळी निघाली. बायनाबाई तिच्यावर हात ठेवून बसून राहिली.

दोन घरचे दोन साक्षीदार, एक वस्तू. चौथा थर मी नव्यानं काढला. काल परभणीला जाऊन दाखल केला. सोबत जबाब दिला: खोटी सही माझी, खोटा कागद तुमचा, नेमणूक कशाच्या बदल्यात तेही. कारकुनानं वाचून म्हटलं, “बाई, नोकरी जाईल तुमची.” मी म्हणाले, “पोच द्या.” फेरचौकशी लागणार आहे. नोटीस तुम्हालाही येईल.

बाबा अजून माझ्याशी बोलत नाहीत. बोलतील असं धरून मी हे केलेलं नाही.

चौकशीत ‘मला ठाऊक नव्हतं’ असं म्हणू नका. तेवढं बाबांसाठी करा. तुम्ही नेलेला कागद परत आणायची गरज नाही. माझी माफी मागायला येऊ नका, मीही तुमची मागत नाही. आपल्या दोघांना माफ करायचं का, ते बायनाबाई ठरवेल.

खाली सही केली आहे, ती माझ्याच नावाची.

मनकर्णा सटवाजी