कांदा निवडणाऱ्या बायका, महत्त्व निम्न

आई, आज माझं डोकं फिरलंय आणि तो राग कुणावर तरी काढायचाय. घरात कुणी ऐकून घेत नाही. नवरा म्हणाला, "सोड ना, कशाला टेन्शन घेतेस? पगार देतात का तुला याचा?" आणि टीव्ही लावून बसला. लेक कानात हेडफोन घालून बसलीय, तिला तर मी दिसतही नाही. राहिलीस तू. तू जाऊन इतकी वर्षं झाली की तुला सगळं मुळापासून सांगावं लागणार, आणि अर्ध्यावर तू "ते ऱ्हाऊ दे, जेवलीस का?" असं विचारणार, हेही मला ठाऊक आहे. तरी आज ऐकच.

इंटरनेटवर एक ज्ञानकोश आहे. म्हणजे जगातल्या सगळ्या गोष्टींची माहिती एका ठिकाणी, आणि ती लिहिणारे कुणी मोठे पंडित नाहीत, ज्याला वाटेल त्याने लिहायचं. चुकलं तर दुसरा येऊन दुरुस्त करतो. पैसे कुणालाच मिळत नाहीत. मी दिवसभर महाप्याच्या ऑफिसात दुसऱ्यांनी केलेल्या कामातल्या चुका शोधते, त्याचा पगार घेते, आणि घरी येऊन जेवणं आटोपली की हे फुकटचं काम करते. तू असतीस तर म्हणाली असतीस, घरचं खाऊन लष्कराच्या भाकऱ्या. बरोबर आहे. पण मला आवडतं ते. आमचा एक छोटा गट आहे, नवी मुंबईवरचे लेख बघणारा. गावठाणं, स्टेशनं, तलाव, खाडी, सगळ्यावर आम्ही थोडं थोडं लिहीत असतो.

आता मुद्दा. प्रत्येक लेखाच्या मागे एक चर्चेचं पान असतं, आणि तिथे आम्ही त्या विषयाचं महत्त्व ठरवतो. सर्वोच्च, उच्च, मध्यम, निम्न. कांद्याची प्रत लावावी तशीच विषयांची प्रत लावायची. वाचणाऱ्याला हे सहसा दिसतही नाही, ते आपलं आमच्या सोयीसाठी. यात एक रीत अशी की ज्याने लेख लिहिला त्याने स्वतः प्रत लावायची नाही, गटातल्या दुसऱ्या कुणीतरी लावायची. चांगली रीत आहे. नाहीतर प्रत्येकजण आपल्याच गल्लीला सर्वोच्च देऊन मोकळा झाला असता. मीच ती रीत सगळ्यांच्या गळी उतरवली होती, हे आता आठवलं की स्वतःच्याच थोबाडीत मारून घ्यावीशी वाटते.

कारण मी लेख लिहिला तुमच्यावर. तुझ्या एकटीवर नाही, तसं चालत नाही. तुर्भ्याच्या कांदाबटाटा बाजारात गाळ्यागाळ्यांत बसून कांदा निवडणाऱ्या बायकांवर. माथाडींवर लेख आहे, व्यापाऱ्यांवर आहे, बाजाराच्या इमारतीवरसुद्धा आहे. बायकांवर एक ओळ नव्हती. पुराव्याशिवाय तिथे काही टिकत नाही, म्हणून कुठे कुठे फिरले मी. जुनी वर्तमानपत्रं चाळली, एका कॉलेजच्या मुलीने केलेला अभ्यास मिळवला, वाचनालयातल्या बाईंच्या हातापाया पडले. मग लिहिलं. कांदा ढिगावर ओतला की गोळा कुठला, म्हणजे मोठा, गोल्टी कुठली, म्हणजे लहान, आणि अगदीच बारकी चिंगळी कुठली. सडका घमेल्यात. हात कसे चालतात, टरफलं कशी उडतात, पाठीचं आणि डोळ्यांचं काय होतं. लेख चांगला झालाय गं. मी स्वतःला सहसा चांगलं म्हणत नाही, पण हा झालाय.

आणि त्याच्या मागच्या पानावर आलं: महत्त्व, निम्न.

हे लावलं आमच्या गटातल्या एका सरांनी. खारघरला राहतात, सरकारी नोकरीतून निवृत्त झालेले, इंजिनियर. वाईट माणूस नाही, तेच तर दुखणं आहे. वाईट असता तर मनसोक्त भांडले असते. गृहस्थ इतके सज्जन की रागवायचीही पंचाईत. पण पुलांवर त्यांचा भारी जीव. एखाद्या चौकात चार खांब उभे राहिले की यांनी लेख लिहिलाच, आणि मेट्रोच्या प्रत्येक स्टेशनाला उच्च. अगं, एक मॉल आहे, केव्हाचाच बंद पडलाय, आता तिथे कबुतरं राहतात. त्याला मध्यम. कबुतरांना मध्यम आणि तुम्हाला निम्न.

तू म्हणशील, आसं ना का, त्यानं काय बिघडतंय? यावेळी बिघडत होतं. पालिकेच्या शाळांमधल्या मुलांच्या टॅबवर आपल्या शहराबद्दलचे लेख घालून द्यायचं ठरलं होतं, इंटरनेट नसलं तरी वाचता येतील असे. जागा मोजकी, म्हणून मध्यम आणि त्याच्या वरचेच लेख घ्यायचे. निम्न ते गळले. तुर्भ्याच्या शाळेत आजही निम्म्या पोरांच्या आया नाहीतर आज्या त्या गाळ्यांत बसतात. त्या पोरांना पुलाची लांबी कळणार आणि आपल्या आईच्या कामाला काय म्हणतात ते पुस्तकात कुठेच दिसणार नाही. मी त्याच शाळेतली आहे, आई. मला माहीत आहे ते पुस्तकात नसणं काय असतं. म्हणून मी हट्टाला पेटले.

शनिवारी सरांच्या घरी आम्ही गटातले चौघं जमलो. एकविसाव्या मजल्यावर फ्लॅट, खिडकीतून डोंगर दिसतो. त्यांच्या मिसेसनी पोहे केले होते. मी म्हटलं, "सर, निम्न का?" ते अगदी शांतपणे म्हणाले, "मॅडम, तुमचा लेख छानच आहे. पण महत्त्व म्हणजे लेख कसा आहे ते नव्हे. किती लोक हा विषय शोधत येतील, ते बघायचं. आता सांगा, कोण शोधणार?" मी म्हटलं, "ज्याचं नावच कुणाला माहीत नाही ते शोधणार कसं? आधी ठेवा तरी समोर." ते म्हणाले, "तसं म्हटलं तर सगळंच महत्त्वाचं होईल." आणि मला पोह्यांची डिश पुढे केली. बाकीचे दोघं आपापल्या डिशमध्ये बघत बसले. एकाने माझ्या बाजूने "हो ना, पण" एवढं म्हटलं आणि पोह्यांवर लिंबू पिळलं. मी भरल्या घरात मोठ्याने बोलले, सरांच्या मिसेस बाहेर येऊन "चहा टाकू का?" विचारून गेल्या, इतकं.

परत येताना रिक्षात मला सगळ्यात जास्त राग कुणाचा आला सांगू? तुझा. कारण मला पक्कं माहीत होतं, तू तिथे असतीस तर सरांच्या बाजूने बोलली असतीस. एकदा कुठल्याशा पेपरचा माणूस गाळ्यावर फोटो काढायला आला होता. मी सुट्टी म्हणून तुझ्यासोबत आलेले, बारदानावर बसलेय. तो तुला म्हणतो, "मावशी, जरा वर बघा." आणि तू पदर तोंडावर ओढतेस, म्हणतेस, "माझा कशाला? कांद्याचा काढा की." सगळ्या बायका हसतात. त्या माणसाने खरंच कांद्याचा काढला. तो फोटो मला या शोधात सापडला, आई. मोठाच्या मोठा ढीग आहे, आणि एका कडेला मनगट आणि हिरव्या बांगड्या. ते तुझं मनगट आहे की शेजारच्या मावशीचं, मला सांगता येईना. मी तो फोटो किती वेळ मोठा करून बघितला. डोक्यात तिडीक गेली माझ्या. एकदा वर बघितलं असतंस तर काय झालं असतं?

आणि त्याच सुट्टीतलं दुसरंही आठवलं, ते तर सरांनी ऐकलं असतं तर मला तोंड दाखवायला जागा राहिली नसती. एक जोडकांदा मिळालेला मला, दोन कांदे एकमेकांना चिकटलेले, एकाच टरफलात. लाल, चकचकीत. मला फार आवडला. जोडाला भाव नसतो, तो वेगळा काढायचा असतो. मी हळूच गोळ्याच्या ढिगात टाकला. तुझं लक्ष नव्हतं असं मला वाटलेलं. तू माझ्याकडे न बघताच तो उचललास, बाजूला टाकलास आणि माझ्या हातावर फटका मारलास. "आपल्याला आवडलं म्हनून गोळ्यात घालायचं न्हाय. शेठ आमाला बोलतोय मग, तुला न्हाय." मी रडले. तू समजूत काढली नाहीस, तुझे हात चालूच होते. घरी जाताना मात्र वडापाव घेऊन दिलास.

म्हणजे काय, तुझा न्याय लावला तर मी हरलेच. मला आवडलंय म्हणून मी ते वरच्या ढिगात घालायला निघालेय. हे मला रिक्षात, तुर्भ्याच्या ट्रकांच्या रांगेत अडकलेली असताना कळलं आणि आणखीच संताप झाला. पण मग वाटलं, नाही. मला तू आवडतेस ही गोष्ट वेगळी आणि तुम्ही हातांनी निवडला नसता तर या अख्ख्या मुंबईने कुठला कांदा खाल्ला असता, ही गोष्ट वेगळी. दुसरी गोष्ट खरी आहे. ती मी तुझी मुलगी नसते तरी खरीच असती. मला फक्त तेवढं कुणीतरी मान्य करायला हवं होतं.

आज दुपारी पुन्हा फोनवर बोलणं झालं. टॅबवर जायच्या लेखांची यादी आज बंद होणार होती. मी सगळे पुरावे पुन्हा मांडले, सर पुन्हा त्याच शांतपणे "मॅडम, नियम बघा" म्हणाले, आणि माझ्या तोंडून निघून गेलं. म्हटलं, "सर, माझी आई होती त्यात. मी लहान होते तेव्हापासून ती जाईपर्यंत तिने कांदेच निवडले." मग सर अगदी हळू आवाजात म्हणाले, "अरेरे. मॅडम, हे आधी सांगायचंत ना. मला काय माहीत? आईंचा विषय आहे म्हटल्यावर... थांबा, करतो मी." आणि फोन चालू असतानाच त्यांनी ते बदललं. महत्त्व, मध्यम. वर मला म्हणाले, "माझी आईसुद्धा फार कष्टाची होती हो."

आता बोल. मी काय म्हणायचं या माणसाला? सगळे पुरावे दिले तेव्हा हलला नाही आणि आई म्हटल्यावर विरघळला. गावातल्या कुणी शब्द टाकला म्हणून शाळेत ॲडमिशन मिळावी, तसं झालं हे. तुमचं काम मोठं म्हणून नाही, मॅडमला वाईट वाटू नये म्हणून. मी भिकेला गेले होते का? मी तावातावाने उत्तर लिहायला बसले, की सर, आभारी आहे, पण हे असं करणं आपल्या रीतीत बसत नाही, कृपया पुन्हा निम्न करावं आणि मुद्द्यावर बोलावं. छान लिहिलं होतं, खणखणीत. नवरा मागे येऊन वाचून गेला आणि म्हणाला, "तू पण ना. मिळालं ना तुला हवं ते?" त्यावर मी त्याला जे बोलले ते तुला सांगत नाही.

नाही मिळालं. मला हवं होतं ते हे, की कुणीतरी परक्या माणसाने, तू माझी कोण हे माहीत नसताना, तो लेख वाचावा आणि आपणहून म्हणावं की हे महत्त्वाचं आहे. एवढंच. ते आता होणार नाही, कारण मीच तोंड उघडलं. एकदा सांगितलेलं परत घेता येत नाही.

यादी संध्याकाळी बंद झाली. तुम्ही त्यात आहात, तलावाच्या खाली आणि त्या मॉलच्या वर, अकारविल्ह्यात जिथे जागा आली तिथे. उद्या-परवा टॅबवर जाईल. तुझं नाव त्यात कुठेही नाही. मी लिहिलेलं ते खणखणीत उत्तर मात्र अजून तसंच पडलंय, आई. पाठवायचं बटण समोर होतं, यादी बंद व्हायला वेळही होता. मी उठले आणि कुकर लावला.