तिसरा तुकडा लोर्नाकडे आहे

वेंडेल,

ड्युटीला उशीर होतोय, म्हणून चिठ्ठी. बाबांनी जाण्याआधी पाठवलेला व्हिडिओ आठवतो? एका ईमेलमध्ये मावेना, म्हणून झिप फाइलचे तीन तुकडे करून आपल्या तिघा भावंडांना एकेक पाठवला. "तिन्ही एकत्र ठेवून उघडा," असं खाली लिहिलेलं कुणी वाचलंच नाही. ज्याचा त्याचा तुकडा उघडेना, तेव्हा म्हाताऱ्याने पुन्हा घोळ घातला म्हणून सोडून दिलं.

तुझा नि माझा तुकडा लॅपटॉपवर एकाच फोल्डरमध्ये ठेवलाय. नावं बदलू नकोस, तुला खोड आहे. तिसरा घेऊन लोर्ना चार वाजता येतेय. अंत्यविधीपासून तू सख्ख्या बहिणीशी बोलत नाहीस, ठाऊक आहे मला. निदान दार तरी उघड. पायऱ्यांवरचा बर्फ वितळायला मीठ टाक, घसरायला नको, तिचा गुडघा अजून दुखतो. तिचा तुकडा त्याच फोल्डरमध्ये टाकून फक्त पहिल्यावर क्लिक कर, बाकीचे आपोआप जोडले जातात. जेवायला बटाटा-खिम्याची हॉटडिश ओव्हनमध्ये आहे, तिलाही वाढ.

माझ्यासाठी थांबू नका. बाबा दर फोनला विचारायचे, "बघितलात का रे व्हिडिओ?" आणि आपण तिघंही म्हणायचो, "हो बाबा, मस्त होता."

ग्रेटा